इसोगाई-सान आणि गाळलेली दोन वाक्यं

दुभाष्याच्या कामात ‘मी’ हा शब्द आपला नसतो. समोरचा जपानी माणूस ‘माझी चूक झाली’ म्हणाला, की मीही इंग्रजीत ‘माझी चूक झाली’ असंच म्हणायचं. ‘ते म्हणतात की त्यांची चूक झाली’ असं नाही. बावीस वर्षं सिंगापूरमध्ये हे काम करताना मी लोकांच्या वतीने माफ्या मागितल्या, राजीनामे दिले, आणि एकदा एका वयस्क गृहस्थांच्या वतीने डॉक्टरांशी मूळव्याधीबद्दल सविस्तर बोलले. तेव्हाही ‘मला होतंय’ असंच म्हणावं लागलं. डॉक्टर तरुण होते. ते माझ्याकडेच बघून उत्तरं देत होते.

जपानी मी पुण्यात शिकले. लग्न होऊन इथे आले तेव्हा माझा नवरा मिलिंद जुरोंग आयलंडवर एका केमिकल प्लँटमध्ये इंजिनिअर होता, आजही आहे. तिथल्याच एका प्लँटच्या दुरुस्तीसाठी जपानहून सुपरवायझर आले होते आणि त्यांना दुभाषी हवी होती. ते माझं पहिलं काम. पहिल्याच आठवड्यात मी घोळ केला. सुपरवायझर म्हणाले, ‘व्हॉल्व्ह बंद असावा.’ मी सांगितलं, ‘व्हॉल्व्ह बंद आहे.’ जपानी वाक्याचा जीव त्याच्या शेपटात असतो आणि मी घाईत शेपूट खाल्लं. लाइनवरचा फोरमन मुरलेला माणूस होता. माझ्या शब्दावर न जाता तो स्वतः बघून आला. व्हॉल्व्ह उघडा होता. कोणी मला रागावलं नाही, पण कंपनीच्या बसमधून घरी येताना मी ते वाक्य शेपटासकट पुन्हा पुन्हा घोकत होते.

त्यानंतर मी स्वतःला एक नियम घालून घेतला: पदरचं काही घालायचं नाही आणि कोणाचं काही गाळायचं नाही. हा नियम मी एकदा मोडला. ज्यांच्यासाठी मोडला, ते जपानी नट आता कोणाला मुलाखती देत नाहीत. त्यांच्या मुलीला विचारून हे लिहिते आहे आणि नाव बदललं आहे. त्यांना इसोगाई म्हणू. ‘सान’ हे आपल्या ‘राव’सारखं.

जपान आणि सिंगापूर इथल्या दोन कंपन्या मिळून एक टीव्ही मालिका करत होत्या. गोष्ट साधी होती. जपानमधल्या एका निवृत्त जहाज-इंजिनिअरचा मुलगा सिंगापूरला असतो, इथल्याच मुलीशी लग्न करतो. बाप रागाने लग्नाला येत नाही. पुढे मुलगा वारतो, आणि मग हा म्हातारा सुनेला भेटायला येतो. त्याला इंग्रजी येत नाही, तिला जपानी येत नाही. म्हाताऱ्याचं काम इसोगाई-सान करणार होते. ते एकोणऐंशी वर्षांचे होते.

दिग्दर्शिका लिन इथल्याच, चाळिशीच्या. त्यांनाही जपानी येत नव्हतं. तेव्हा लिनचं म्हणणं इसोगाई-सानना सांगायचं, त्यांचं लिनना सांगायचं, आणि प्रत्येक शॉटनंतर संवाद लिहिल्याप्रमाणे आले की नाही ते सांगायचं, अशी तिन्ही कामं माझ्याकडे होती. शूटिंगच्या जागेवर जपानी कळणारी मी एकटी. त्यांचा तोक्योचा मॅनेजर पहिले दोन दिवस होता. ‘त्यांची तब्येत अगदी उत्तम आहे,’ असं त्याने मला न विचारता तीनदा सांगितलं आणि तो परत गेला.

कामाआधी मी माणसाची माहिती काढते. हॉटेलच्या लॉबीत मी त्यांना त्यांच्या कारकिर्दीबद्दल विचारलं.

‘सोपी आहे,’ ते म्हणाले. ‘पंधरा वर्षं मेलो. सतरा वर्षं पोलीस होतो. मग लोकांचा बाप झालो. आता आजोबा आहे.’

एकोणिसाव्या वर्षी ते क्योतोच्या एका स्टुडिओत लागले. ज्यांचं नाव पडद्यावर येत नाही अशा सगळ्या नटांना तिथे एकाच मोठ्या खोलीत बसवत. तलवारीच्या चित्रपटांचा जमाना होता. नायकाला मारायला माणसं लागायची. सकाळी डाकू म्हणून मरायचं, जेवून शिपाई म्हणून मरायचं. ‘मरणं सोपं असतं,’ ते म्हणाले, ‘मेलेलं राहणं कठीण. नायकाच्या पायात यायचं नाही, चेहरा वर ठेवायचा नाही, आणि पोट हलू द्यायचं नाही.’ पुढे टीव्हीवर पोलिसांची एक मालिका आली. त्यात ते पथकाचे प्रमुख होते. हा प्रमुख कधी पिस्तूल काढत नसे. चहाचा घोट घेऊन समोरच्याला फक्त म्हणायचा, ‘पुन्हा एकदा, सुरुवातीपासून सांगा.’ आम्ही बोलत असताना साठीच्या एक जपानी पर्यटक बाई जवळ आल्या, वाकल्या, आणि ते वाक्य एकदा म्हणून दाखवाल का, असं विचारलं. त्यांनी म्हणून दाखवलं. बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. मलाही त्या क्षणी वाटलं की आपण काहीतरी कबूल करून टाकावं.

तिसऱ्या दिवशी मला पहिली शंका आली.

दोन शॉटच्या मधे आम्ही खुर्च्या टाकून बसलो होतो. त्यांनी विचारलं, ‘गोतामी-सान, तुमचे पती काय करतात?’ माझं नाव गौतमी. त्यांच्या तोंडी ते असं व्हायचं. मी जुरोंग आयलंडचं, प्लँटचं सांगितलं. थोड्या वेळाने त्यांनी पुन्हा तेच विचारलं. जेवताना पुन्हा. तिसऱ्या वेळी मी पहिल्यांदाच सांगत असल्यासारखं सगळं सांगितलं, आणि सांगता सांगता माझ्या लक्षात आलं की ते ऐकत नाहीयेत, माझ्या चेहऱ्यावर काहीतरी शोधताहेत. हा प्रश्न आधी विचारला होता का, एवढंच त्यांना बघायचं होतं. मी तो चेहरा कोरा ठेवला. ही माझी पहिली चूक.

मग मला बाकीचंही दिसू लागलं. त्यांच्या टोपीच्या आत कागद चिकटवलेला असे. हातातल्या वर्तमानपत्राच्या घडीत संवाद लिहिलेले असत. चहाच्या बशीखाली चिठ्ठी. ‘म्हातारे नट सगळे हे करतात,’ ते म्हणाले. खरंही असेल. पण चौथ्या दिवशी त्यांना टोपीत कागद आहे हेच आठवलं नाही. ते लिनना म्हणाले की बाजूच्या जनरेटरच्या आवाजाने लक्ष विचलित होतंय. मी तसंच्या तसं इंग्रजीत सांगितलं. माणसं धावली, जनरेटर लांब नेला. मी खोटं बोलले नव्हते, ते जे म्हणाले तेच सांगितलं होतं. तरी घरी आल्यावर भाजीत दोनदा मीठ पडलं. मिलिंद म्हणाला, ‘तू डॉक्टर नाहीस. दुभाषी आहेस.’ मी म्हटलं, ‘तेच तर.’

पाचव्या दिवसापासून काम यिशुनला होतं. शहराच्या उत्तर टोकाची ही सरकारी घरांची वसाहत. सगळ्या इमारती सारख्याच दिसतात. वेगळा असतो तो भिंतीवर रंगवलेला नंबर. इमारतींचा तळमजला मोकळा सोडलेला असतो, त्याला व्हॉइड डेक म्हणतात. लग्न, मयत, म्हाताऱ्यांचा बुद्धिबळाचा पट, सगळं तिथेच. तशाच एका व्हॉइड डेकवर म्हातारा सुनेशी शेवटचं बोलतो, असा प्रसंग होता. दीड पानाचं सलग बोलणं. ते दुसऱ्या दिवशी घ्यायचं ठरलं होतं.

जेवणाच्या सुट्टीत मी पाण्याची बाटली भरून आले तर त्यांची खुर्ची रिकामी होती. टॉयलेटला गेले असतील म्हणून थांबले. मग टॉयलेटपर्यंत जाऊन आले. मग चालत सुटले. भर दुपारची वेळ, अंगाची काहिली होत होती. मी एका इमारतीखालून दुसऱ्या इमारतीखाली जात होते आणि प्रत्येक ठिकाणी तेच खांब, तीच टपालपेट्यांची रांग. ज्याला भाषा येत नाही, नंबर आठवत नाही, त्याने इथे काय करायचं? लिनना सांगितलं असतं तर वीस माणसं शोधायला निघाली असती. मी सांगितलं नाही. सांगितलं की सगळं उघडं पडणार, म्हणून एकोणऐंशी वर्षांच्या माणसाला मी त्या उन्हात अर्धा तास हरवलेलं राहू दिलं. याचं मला आजही समर्थन करता येत नाही. त्यांना काही झालं असतं तर मी काय केलं असतं, हा विचार अजूनही भाजी चिरताना, बसची वाट बघताना, केव्हाही येतो.

चार इमारती पलीकडच्या कॉफीच्या दुकानात ते बसलेले दिसले. ताठ, दोन्ही हात गुडघ्यांवर. दुकानाचे म्हातारे अंकल मला बघून इथल्या खास इंग्रजीत म्हणाले, ‘युअर फादर आह? सिट हिअर सो लाँग अल्रेडी. आय आस्क हिम वॉट, ही ओन्ली बो. आय गिव्ह हिम वॉटर लाह.’ काहीही विचारलं की हे नुसते वाकत होते, म्हणून त्यांनी पाणी आणून दिलं होतं.

मी समोर बसले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि दोन-तीन क्षण त्यांना मी कोण ते कळलं नाही. मग कळलं.

‘फिरायला आलो होतो,’ ते म्हणाले.

मी माझी भरलेली बाटली त्यांच्यापुढे ठेवली.

‘गोतामी-सान, उद्याचं एक बोलणं झालं की महत्त्वाचं काम संपलं. मग मी घरी जाऊन स्वतः सांगेन. तोपर्यंत कोणाला कळू द्यायचं नाही.’

‘किती दिवसांपासून आहे हे?’

‘दोन वर्षं.’

‘घरी माहीत आहे?’

‘मुलगी आहे. तिच्याशी माझं फारसं बोलणं नाही.’ मग त्यांनी माझ्यासमोर मान वाकवली, टेबलाला कपाळ लागेल इतकी. माझ्या वडिलांपेक्षा मोठा माणूस. मी हो म्हटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी व्हॉइड डेकवर कॅमेरा लागला. सुनेचं काम करणारी शेरिल बाकावर त्यांच्या शेजारी बसली. ती सिंगापूरची, जपानीचा एक शब्द येत नसलेली. भूमिकेला तेच हवं होतं. मी कॅमेऱ्याच्या बाजूला स्टुलावर, मांडीवर संवादाचा कागद आणि वही. दुभाष्याला वही सोडवत नाही. कोणी बोलायला लागलं की हात आपोआप खुणा काढत जातो.

त्यांनी सुरुवात केली. ‘तुमच्या लग्नाला मी आलो नाही. माझ्यासाठी ठेवलेली खुर्ची रिकामी होती, असं मुलाने पत्रात लिहिलं होतं.’ ही दोन वाक्यं कागदाप्रमाणे आली. मग ते थांबले. कागदावर तिथे थांबणं नव्हतं. ते शेरिलकडे बघत होते आणि त्यांचा चेहरा हळूहळू वेगळा झाला. मग ते बोलू लागले, म्हाताऱ्या इंजिनिअरच्या तोक्योच्या भाषेत नाही, क्योतोकडच्या बोलीत.

‘मी मरायचं काम करायचो. एकदा मुलगी बघायला आली होती, पाच वर्षांची. मला तलवार लागली आणि मी पडलो. ती ओरडली. बाबा, बाबा म्हणून हाका मारत होती. शॉट चालू होता, म्हणून मी उठलो नाही. पोट हलू दिलं नाही. शॉट संपल्यावर उठलो तर तिला कोणीतरी बाहेर नेलं होतं. मग इतकी वर्षं मी दुसऱ्यांची वाक्यं पाठ केली आणि तिला काय सांगायचं ते राहिलं. आता पाठ केलेलंही राहत नाही. दोन वर्षं झाली, मी विसरतो आहे, हे कोणाला सांगितलेलं नाही. तुला सांगतो, कारण तुला कळत नाही.’

शेरिलने त्यांचा हात धरला. तेही लिहिलेलं नव्हतं. लिन ‘कट’ म्हणाल्या. कोणी हललं नाही. सगळ्यांना वाटलं, काय सुंदर झालं.

लिननी हेडफोन काढले. ‘गौतमी, शब्द बरोबर होते?’

आयुष्यात कुठलाही प्रश्न इतका मोठा वाटला नाही. मी ‘हो’ म्हटलं असतं तर तोक्योत फिल्म बघेपर्यंत निभावलं असतं. मी म्हटलं, ‘नाही.’

‘मग काय म्हणाले?’

माझ्या हातात वही होती. मी खुणांवरून बोलायला लागले, इंग्रजीत, नेहमीसारखं ‘मी’ म्हणून. मी मरायचं काम करायचो. मी उठलो नाही. बोलता बोलता मी पानाच्या तळाशी आले. तिथे शेवटच्या दोन वाक्यांच्या खुणा होत्या, आदल्या दिवशीचं टेबलाला टेकलेलं कपाळ माझ्या डोळ्यांसमोर होतं, आणि मी वही मिटली. ‘एवढंच,’ मी म्हटलं.

शेरिल डोळे पुसत होती. लिननी विचारलं, ‘पण त्यांनी बदललं का? त्यांना विचार.’

मी त्यांच्याजवळ गेले आणि विचारलं.

ते म्हणाले, ‘गोतामी-सान, तुम्ही शेवटचं सांगितलं नाहीत.’

‘तुम्हाला कसं कळलं?’

‘“फर्गेट” हा इंग्रजी शब्द मी मुद्दाम शिकून ठेवलाय. तो तुमच्या बोलण्यात आला नाही.’

‘तुम्हीच म्हणाला होतात, कोणाला कळू द्यायचं नाही.’

‘ते मी दुकानात म्हणालो होतो. हे कॅमेऱ्यासमोर म्हणालो. मला इंग्रजीत सांगता येत नाही. जपानीत सांगायचा धीर नव्हता. न कळणारी मुलगी समोर होती, म्हणून तोंडातून निघालं. पण तुम्ही बाजूला बसल्या आहात हे मला माहीत होतं. साठ वर्षं कॅमेऱ्यासमोर आहे, कोण ऐकतंय ते मला कळतं.’

मला वाटलं होतं मी त्यांची लाज झाकली. प्रत्यक्षात त्यांनी दोन वर्षांनी पहिल्यांदा उच्चारलेली गोष्ट मी त्यांच्या तोंडातून परत आत ढकलली होती.

मी लिनकडे वळले. म्हटलं, ‘माझ्याकडून दोन वाक्यं राहिली.’ आणि ती म्हटली. ‘दोन वर्षं झाली, मी विसरतो आहे, हे कोणाला सांगितलेलं नाही. तुला सांगतो, कारण तुला कळत नाही.’ वीसेक माणसं होती. मागच्यांना ऐकू गेलं नाही, म्हणून शेवटचं वाक्य पुन्हा म्हणावं लागलं. इसोगाई-सान माझ्या शेजारी उभे होते. माझं झाल्यावर ते सगळ्यांसमोर वाकले, नवीन नट पहिल्या दिवशी वाकतात तसे, खूप खाली.

ते बाकावर बसल्यावर लिन त्यांच्यासमोर उकिडव्या बसल्या. ‘त्यांना विचार, आज थांबू या का?’

‘थांबायचं नाही,’ ते म्हणाले. ‘लेखकाचं बोलणं बोलायला मला आणलंय. माझं कोणी मागितलं नव्हतं. आता लिहिलेलं करू. गोतामी-सान एकेक ओळ सांगतील, मी म्हणेन.’

तसं केलं. मी बाकाच्या मागे खाली बसून ओळ सांगायची, ते क्षणभर थांबून म्हणायचे. प्रत्येक ओळीआधीची ती थांबण्याची जागा त्यांनी अशी वापरली की म्हाताऱ्याला शब्द जड जाताहेत असंच वाटावं. पाचव्या वेळी लिन ‘ओके’ म्हणाल्या. तोपर्यंत ऊन खांबांच्या पलीकडे गेलं होतं आणि माझे पाय बधिर झाले होते.

पुढचं सगळं काही चांगलं झालं नाही. बोटीवर चढायचा त्यांचा प्रसंग धोका नको म्हणून काढून टाकला, त्याचं त्यांना वाईट वाटलं. मॅनेजरचा तोक्योहून फोन आला. ‘असं चारचौघांत सांगायचा तुम्हाला काय अधिकार?’ त्याने विचारलं. ते स्वतः बोलले होते, हे मी सांगितलं. त्याला पटलं नाही. त्याच्या एजन्सीचं काम मला पुन्हा मिळालं नाही. मॅनेजरला आधीपासून माहीत होतं असा माझा कयास आहे, पण कयासाचं भाषांतर करता येत नाही.

मालिका लागली तेव्हा त्यात लिहिलेलंच बोलणं होतं, आणि ते फार चांगलं झालं आहे. पहिला शॉट कुठेही दाखवला नाही. लिननी तो इसोगाई-सानना विचारून त्यांच्या मुलीला पाठवला.

काही आठवड्यांनी मुलीची ईमेल आली. आता वडील तिच्या घराजवळच्या एका वृद्धाश्रमात राहतात, ती दर रविवारी जाते, असं तिने लिहिलं होतं. मग एक प्रश्न होता. ‘मी स्टुडिओत ओरडले होते, हे संवादात लिहिलेलं होतं, की वडील स्वतःचं म्हणाले? मी तो शॉट पुन्हा पुन्हा पाहिला. मला तो प्रसंग मुळीच आठवत नाही. स्टुडिओत गेले होते हेसुद्धा नाही.’

मी लिहिलं, स्वतःचं म्हणाले. त्यानंतरही मी तीनदा ती ईमेल उघडून बंद केली.

अलीकडे एका रविवारी तिने आश्रमातून व्हिडिओ कॉल लावला. मी स्वयंपाकघरात होते. पडद्यावर इसोगाई-सान दिसले, तसेच ताठ, पण बारीक झालेले. त्यांनी अतिशय आदराने विचारलं, ‘आपण कोण?’

‘मी दुभाषी, सिंगापूरची.’

‘अच्छा.’ त्यांनी कॉलर सारखी केली. शेजारी बसलेल्या मुलीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. ‘मग काय म्हणताहेत दिग्दर्शक?’

माझ्या स्वयंपाकघरात कोणी नव्हतं. गॅसवर आमटी होती. मुलगी तिकडे श्वास रोखून बघत होती.

मी म्हटलं, ‘घाई नाही म्हणताहेत. तुम्ही तयार झालात की सांगा.’

‘बरं,’ ते म्हणाले. त्यांनी दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले आणि डोळे मिटले. मुलीने त्यांचा एक हात आपल्या हातात घेतला. आम्ही तिघं तसेच थांबलो.